काळातून वीज काढली तर बिल कुणाच्या नावावर?

रामबागची_लेक | रविवार, रात्री ९:४०

मंडळी नमस्कार, मदत हवीये. आपल्या मंडळाच्या दिवाळी अंकासाठी एक कथा लिहायला घेतलीये आणि ती मध्यावर अडकलीये. विज्ञानकथा आहे म्हणजे मी तरी तसं म्हणतेय, मी बारावीला फिजिक्समध्ये काठावर पास झालेली आहे हे आधीच सांगून टाकते.

तर असं, की आपल्या इंदूरच्या रामबागेतला जुना वाडा, दिंडी दरवाजा, ओटा, वर माडी, आणि आत आज्जी एकटी. मुलगा सून पुण्याला, नातू बंगळुरूला. एक दिवस कंपनीची माणसं येतात आणि तळघरात एक पेटी बसवून जातात, नाव काळदोहक. गाईचं दूध काढावं तशी ती काळातून वीज काढते. वाड्याच्या भिंतींच्या आतला काळ बाहेरच्यापेक्षा किंचित हळू चालायला लागतो आणि तो जो फरक पडतो तीच वीज. धूर नाही, कोळसा नाही, आवाज नाही, बिल शून्य. फक्त आतली घड्याळं रोज चाळीस मिनिटं मागे पडतात. मग गल्लीत दोन तट पडतात, एक म्हणतो बसवा, दुसरा म्हणतो देवाच्या गोष्टीत हात घालू नका.

विचारायचं हे की असं काही शास्त्रात बसतं का, आणि बसत असेल तर माणसं भांडतील ती नक्की कशावरून? मला अजून भांडणच सापडत नाहीये. चाळीस मिनिटं गेली तर गेली, रोज मोबाईलवर त्याहून जास्त जातात. शुक्रवारी मजकूर द्यायचाय.

भिया_पोहेवाला | रात्री ९:५२

ताई हे मशीन छप्पन दुकानच्या खाऊगल्लीत बसवा, तिथे तसाही लोकांचा टाइम जातो आणि कुणाला काही कळत नाही. सराफ्यातल्या रात्रीच्या खाऊबाजारात तर रात्री दोन वाजता आठ वाजल्यासारखं असतं, तिथे कुणीतरी आधीच बसवलेलं दिसतंय.

श्रीमंत_शंका | रात्री १०:०५

यात काल्पनिक काहीही नाही. टाइम क्रिस्टल नावाची वस्तू शास्त्रज्ञांनी बनवलेली आहे, ती वीज न घेता कायम हलत राहते, मला ग्रुपवर आलं होतं. आणि आपल्या भास्कराचार्यांनी बाराव्या शतकातच पारा भरलेलं चाक सांगून ठेवलंय जे आपोआप फिरतं. तेलवाल्या देशांनी दाबून ठेवलंय सगळं.

ऋजुकोण | रात्री १०:३१

शंकासाहेब, टाइम क्रिस्टलची कल्पना २०१२ची, फ्रँक विल्चेक या भौतिकशास्त्रज्ञाची. त्यांनी जशी मांडली होती तशी ती होऊ शकत नाही हे २०१५मध्ये दोन जपानी संशोधकांनी गणिताने दाखवलं. मग २०१७च्या सुमारास प्रयोगशाळेत जी तयार झाली ती वेगळ्या जातीची, तिला बाहेरून सतत टिचक्या माराव्या लागतात, म्हणजे झोपाळ्यावरच्या पोराला ढकलतात तसं, आणि पोर दर दुसऱ्या ढकलण्याला एकदा झुलतं, गंमत एवढीच. त्यातून वीज काढायला गेलात तर काही निघत नाही. भास्कराचार्यांचं चाक खरंच आहे, पोकळ आऱ्यांत अर्धा अर्धा पारा. कल्पना म्हणून फार सुंदर, पण फिरत नाही. कॉलेजच्या प्रदर्शनात मुलांनी करून पाहिलंय, दोन चक्करमध्ये थांबतं.

ताई, तुमच्या प्रश्नाकडे उद्या येतो. थोडा हिशोब करावा लागेल आणि तो मजेशीर निघेल असं वाटतंय.

सदाशिवपेठी_पाहुणा | रात्री १०:४४

'दोहक' हा शब्द बरोबर आहे का ते तपासा. आणि 'आज्जी' नव्हे, 'आजी'. बाकी चालू द्या.

भिया_पोहेवाला | रात्री १०:४६

आले का भिया, तुमचीच वाट बघून राहिलो होतो.

मावशी_तिलकनगर | रात्री ११:१५

आमच्याकडे आज्जीच म्हणतात, आणि सासूबाईंनी होळकरांच्या वेळचं इंदूर पाहिलेलं, त्याही आज्जीच म्हणायच्या, तेव्हा ते राहू दे तसंच.

मला ही कथा वाचून मिलचा भोंगा आठवला. लहानपणी घरात घड्याळ एकच आणि ते बाबांच्या खोलीत, पण भोंगा झाला की दूध तापायला ठेवायचं, दुसरा झाला की शाळा. पूर्ण गल्लीचा वेळ मिलच्या हातात. तेव्हा काळातून काही काढून घेतात ही गोष्ट मला काही नवीन वाटली नाही बाई.

गल्ली_क्रमांक_३ | सोमवार, सकाळी ७:२०

मावशींनी नेमकी नस पकडली. इथे सगळे गंमत करताहेत पण काळातून काढून घेणं हे इंदुरात होऊन गेलेलं आहे. हुकुमचंद मिल १९९१-९२च्या सुमारास बंद झाली, आणि कामगारांच्या थकबाकीचे २२४ कोटी हातात पडायला डिसेंबर २०२३ उजाडला. तीस वर्षांच्या वर. कितीतरी लोक तोवर गेले. ताई तुम्हाला भांडण सापडत नाही म्हणता, भांडण हेच आहे, की काळ कुणाचा आणि दिवे कुणाचे. पेटी गरीबाच्या घरात बसणार आणि एसी दुसऱ्याचा चालणार. तिकडे नर्मदेवर इंदिरासागर झालं, १००० मेगावॉट, चांगलीच वीज आहे, पण २००४मध्ये अख्खं हरसूद गाव उठलं त्यासाठी. तुमच्या आज्जीने सही कशावर केली ते आधी लिहा.

श्रीमंत_शंका | सकाळी ८:०२

झालं सुरू. प्रत्येक गोष्टीत गरीब श्रीमंत आणायलाच हवं का. तुम्ही हे लिहिताय तो मोबाईल त्याच विजेवर चार्ज होतो. धरण नको, कोळसा नको, अणू नको, मग कंदील लावून बसा.

गल्ली_क्रमांक_३ | सकाळी ८:०९

धरण नको असं मी कुठे लिहिलंय ते दाखवा. चष्मा पुसा आधी.

बडोदेकर_७१ | सकाळी ९:३०

मी वडोदऱ्याहून, दांडियाबाजारचा, इंदूरकरांच्या भांडणात पडतोय त्याबद्दल माफी. पण काळातून वीज काढणं हे काल्पनिक नाही हे शंकासाहेबांचं म्हणणं वेगळ्याच कारणाने थोडं खरं आहे.

आमच्या खंभातच्या आखातात भावनगरपाशी भरतीओहोटीचा फरक दहा मीटरच्या वर जातो, म्हणजे तीन मजली घराएवढं पाणी रोज दोनदा चढतं आणि उतरतं. त्यावर वीज करायची चर्चा मी शाळेत होतो तेव्हापासून ऐकतोय, झालेली काही नाही, पण फ्रान्समध्ये राँस नदीच्या मुखाशी १९६६पासून चालू आहे, २४० मेगावॉट. आता ही वीज येते कुठून? सूर्यापासून नाही, कोळशापासून नाही, ती येते पृथ्वीच्या स्वतःभोवती फिरण्यातून. भरतीचं पाणी पृथ्वीला ब्रेक लावतं, दिवस शंभर वर्षांत साधारण दोन मिलीसेकंदांनी लांबतो आणि चंद्र दरवर्षी पावणेचार सेंटीमीटर लांब सरकतो. १९६३मध्ये एका शास्त्रज्ञाने जुन्या पोवळ्यांच्या अंगावरच्या रोजच्या बारीक रेषा मोजल्या तर वर्षात ४०० दिवस निघाले, ती पोवळी साधारण ३७-३८ कोटी वर्षांपूर्वीची. वर्ष तेवढंच, दिवस छोटे. म्हणजे राँसवाले जो दिवा लावतात तो दिवसाच्या लांबीतून लावतात, अगदी नगण्य का होईना, आणि कुणी मोर्चा काढलेला नाही.

ताईंच्या यंत्रात आणि यात फरक एवढाच की पृथ्वीवर सगळ्यांचाच दिवस लांबतो. वाड्यात एकट्या आज्जीचा.

रामबागची_लेक | सकाळी ११:१०

बडोदेकर काका, शेवटचं वाक्य मी चोरणार आहे, आधीच सांगते. गल्ली क्रमांक तीन, सहीचा मुद्दा घेतला. ऋजुकोण सर आम्ही वाट बघतोय.

निवृत्त_मीटररीडर | दुपारी २:१५

मी ३४ वर्षं विजेच्या खात्यात काढली, त्यातली निम्मी उन्हात मीटर वाचत. कथेत एक गोष्ट राहिलीये ती सांगतो. मीटर कुठे लावलाय? वीज कुठूनही काढा, मीटर कोणत्या बाजूला आणि कुणाच्या नावावर यावरच सगळी भांडणं होतात, हे माझा अनुभव सांगतो. एकेका घरात तीन भाऊ तीन मीटर आणि जिन्याचा दिवा कुणाच्या मीटरवर यासाठी बोलणं बंद. ते जरा बघा.

ऋजुकोण | रात्री ९:०५

हं, आता बसलोय, चहा घेऊन. लांब लिहिणार आहे, कंटाळा आला तर सोडून द्या.

पहिली गोष्ट, काळ हळू चालणं आणि वीज यांचा संबंध खरंच आहे, ताईंनी तो न कळता बरोबर पकडलाय. जिथे गुरुत्व खोल तिथे घड्याळ हळू. आपलं इंदूर समुद्रसपाटीपासून साधारण ५५० मीटरवर, त्यामुळे मुंबईच्या समुद्रकाठच्या घड्याळापेक्षा आपलं घड्याळ वर्षाला जवळपास दोन मायक्रोसेकंद पुढे जातं. मोबाईलच्या जीपीएसला तर हे धरावंच लागतं, उपग्रहावरची घड्याळं दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात, तेवढी दुरुस्ती केली नाही तर रामबागेत येणारा डिलिव्हरीवाला एका दिवसात दहा किलोमीटर चुकेल.

आता गंमत. धरणातून एक किलो पाणी १०० मीटर खाली पडलं तर साधारण ९८० जूल ऊर्जा मिळते. एक किलो वस्तुमानात एकूण जेवढी ऊर्जा असते, तो प्रसिद्ध एमसी स्क्वेअर, त्याने या ९८०ला भागा. उत्तर येतं साधारण एक भागिले एकावर चौदा शून्य. आणि धरणाच्या माथ्यावरचं घड्याळ तळाच्या घड्याळापेक्षा सेकंदाला सेकंदाच्या कितव्या भागाने पुढे जातं ते काढा. तोच आकडा. अगदी तोच, योगायोग नाही. म्हणजे जलविद्युत ही काळाच्या फरकातूनच येते असं म्हटलं तरी चूक नाही, पाणी जलद काळातून हळू काळात उतरतं आणि तो फरक आपण टर्बाइनवर वसूल करतो. इंदिरासागरही काळदोहकच आहे, फक्त तसं कुणी म्हणत नाही.

तर ताईंच्या वाड्याला हाच नियम लावू. वाडा, विटा, लाकूड, आज्जी, तुळशीवृंदावन, सगळं मिळून वजन धरू एक लाख किलो. घड्याळ रोज चाळीस मिनिटं मागे म्हणजे काळ पावणेतीन टक्क्यांनी हळू, म्हणजे वस्तुमानातल्या ऊर्जेच्या पावणेतीन टक्के बाहेर काढले. किती होतात? साधारण ७० लाख कोटी युनिट. भारतभर वर्षाला पावणेदोन लाख कोटी युनिटच्या आसपास वीज तयार होते. म्हणजे रामबागेतल्या एका वाड्यावर देश चाळीस वर्षं चालेल. ताई, आज्जीच्या मिक्सरसाठी हे जरा जास्त होतंय.

उलटं करू. घराला रोज दहा युनिट लागतात, पन्नास वर्षं काढली, झाले १,८२,५०० युनिट. एवढ्यासाठी घड्याळ किती मागे पडेल? पन्नास वर्षांत मिळून सेकंदाचा सोळावा सतरावा भाग. पापणी लवेल तेवढ्यात संपलं.

श्रीमंत_शंका | रात्री ९:२२

बघा!! पन्नास वर्षं फुकट वीज आणि पापणीभर वेळ. आता बोला गल्लीवाले. मी उद्या बसवतो.

गल्ली_क्रमांक_३ | रात्री ९:२५

फुकट हा शब्द ऐकला की मला खिसा तपासायची सवय आहे.

भिया_पोहेवाला | रात्री ९:३१

सर कथा तर संपली मग, भांडण काय उरलं, सगळे पोहे खाऊन घरी.

ऋजुकोण | रात्री ९:५८

थांबा थांबा, संपलेलं नाही, खरी भानगड आता आहे, मलाही ती हिशोब करतानाच लक्षात आली.

पाणी धरणातून खाली उतरलं, वीज मिळाली, छान. तेच पाणी परत वर न्यायचं असेल तर? घेतलेली सगळी वीज परत द्यावी लागते, वर पंपाची गळती वेगळी. हे इंदूरवाल्याला शिकवायला नको. आपण सत्तरीच्या दशकापासून जलूदहून नर्मदा वर चढवतोय, सत्तर किलोमीटर लांब आणि शेकडो मीटर वर. हजार लिटर पाणी नुसतं चारशे मीटर उचलायचं म्हटलं तरी एक युनिटच्या वर जातं, म्हणून तर पालिकेने २०२३मध्ये २४४ कोटींचे बाँड काढले, जलूदला ६० मेगावॉटचं सोलर करायला.

वाड्याचं तेच आहे. आतला काळ हळू केला म्हणजे अख्खा वाडा एका विहिरीत उतरवला. पन्नास वर्षांची वीज भागिले वाड्याचं वजन, किलोमागे १.८ युनिट. दिंडीतून जे जे बाहेर जाईल त्याला किलोमागे १.८ युनिट भरावे लागणार, नाहीतर ते बाहेर जाऊच शकत नाही. सत्तर किलोच्या माणसाला सव्वाशे युनिट. इथलं गुरुत्व तसंच धरलं तर ही विहीर ६७० किलोमीटर खोल आहे. इंदूर-मुंबई अंतरापेक्षा जास्त, आणि उभं.

आत येणाऱ्याला मात्र उलट, त्याच्यामुळे सव्वाशे युनिट मिळतात. अर्थात पेटीने त्याला लिफ्टसारखं धरून उतरवलं पाहिजे, नाहीतर दिंडीत पाय टाकताच माणूस सेकंदाला साडेतीन किलोमीटरने देवघरात.

रामबागची_लेक | रात्री १०:०४

अगं बाई.

म्हणजे आज्जी बाहेर पडू शकत नाही.

ऋजुकोण | रात्री १०:०७

पडू शकते, बिल भरून. पहिल्या दिवशी काहीच नाही, पहिल्या वर्षी एका फेरीला जेमतेम अडीच युनिट, कळणारही नाही. जसजशी वीज वापराल तसतसा उंबरठा उंच होत जाणार. घड्याळाकडे कुणी बघायचं कारण नाही, ते बरोबरच दाखवेल.

मावशी_तिलकनगर | रात्री १०:२०

हे वाचून मी पाच मिनिटं नुसती बसले. आमच्या वाड्यात काही पेटी बसवलेली नाही पण सासूबाई शेवटची बारा वर्षं उंबरठ्याबाहेर गेल्या नाहीत. गुडघे म्हणायच्या. दरवर्षी पायरी उंच झाली असं म्हणायच्या, आम्ही हसायचो.

निवृत्त_मीटररीडर | रात्री १०:३५

आता मीटर कुठे लावायचा ते कळलं. दिंडीवर.

आणि कंपनी काय करेल ते मी सांगतो. आज सोलरवाल्यांना नेट मीटरिंग असतं, छतावरून गेलेली आणि तारेतून आलेली वजा होऊन उरलेल्याचं बिल. इथे कंपनी नेट मीटर लावणारच नाही. करारात बारीक अक्षरात असणार, आत येणाऱ्या वजनाची वीज कंपनीची, बाहेर जाणाऱ्या वजनाची वीज ग्राहकाने भरायची. पाहुणा आला, सव्वाशे युनिट कंपनीला. पाहुणा निघाला, सव्वाशे युनिटचं बिल आज्जीला. आणि घरखर्चाची दहा युनिटं मात्र फुकट, जाहिरातीत लिहिल्याप्रमाणे.

गल्ली_क्रमांक_३ | रात्री १०:३९

काका तुमच्या पाया पडतो. हेच म्हणत होतो सकाळपासून, मला हिशोब येत नव्हता.

भिया_पोहेवाला | रात्री १०:५०

एक मिनिट एक मिनिट, कचरा?? कचरा बाहेर न्यायला पण किलोमागे १.८? आपलं इंदूर, २०१७पासून देशात नंबर एक, सकाळी गाडी दारात, ओला वेगळा सुका वेगळा, आणि आज्जी कचरा देणारच नाही! गाडीवाला गाणं वाजवत उभा आणि आज्जी म्हणते नको रे बाबा महाग पडतं, केळीची सालं पण राहू दे. पालिका नोटीस लावेल दारावर. हे भांडण घ्या ताई, यावर इंदुरात खून पडतील.

ऋजुकोण | रात्री १०:५८

भिया हसताय पण नळाचं काय. घरात दिवसाला ५०० लिटर पाणी येतं, येताना ९०० युनिट देतं आणि गटारातून जाताना ९०० मागतं. घरखर्च दहाचा, येणंजाणं नऊशेचं. कंपनीला खरा फायदा पाण्यातच आहे, आज्जीची दहा युनिटं म्हणजे गळाला लावलेला किडा.

सदाशिवपेठी_पाहुणा | रात्री ११:०५

एक शंका. ऊर्जा अक्षय्य असते, मग काळातून नवीन ऊर्जा येते कशी? कथेचा पायाच चुकला आहे.

बडोदेकर_७१ | रात्री ११:३०

नवीन येत नाहीच आहे, तेच तर सर सांगताहेत, काढली तेवढी परत मागते. पण पाहुण्यांनी बरोबर जागी बोट ठेवलंय. ऊर्जा अक्षय्य का असते याचं उत्तर एमी नोएथर या गणिती बाईंनी १९१८मध्ये दिलं, की निसर्गाचे नियम काल आज उद्या सारखेच राहतात म्हणून ऊर्जेचा हिशोब जुळतो. काळ सरळ तर खातेवही सरळ. ज्या दिवशी नियमच बदलायला लागतील त्या दिवशी ऊर्जा खरोखर फुकट मिळेल, पण मग तेव्हा पोळी फुगेल की नाही याचाही भरवसा नाही.

या बाईंचं सांगण्यासारखं म्हणजे जर्मनीतल्या गटिंगेन विद्यापीठात त्या काही वर्षं हिल्बर्ट या नावाजलेल्या गणितज्ञाच्या नावाखाली शिकवत होत्या, पाटीवर नाव त्यांचं, वर्ग घेणार या, आणि पगार नाही.

मावशी_तिलकनगर | रात्री ११:३८

मीटर दुसऱ्याच्या नावावर होता म्हणा की.

संपादक | मंगळवार, सकाळी ८:००

रात्री उशिरा शंका आणि गल्ली यांच्यात झालेले सोळा प्रतिसाद उडवले आहेत. त्यात काळही नव्हता आणि ऊर्जाही नव्हती. दोघांनी कृपया व्यक्तिगत निरोपात भांडावे.

श्रीमंत_शंका | सकाळी ९:१५

मान्य. पण माझा एक मुद्दा उडाला तो परत लिहितो, तो भांडणाचा नव्हता. तुम्ही सगळे धरून चालला आहात की आज्जीला बाहेर जायचंय. माझी आई ८१ वर्षांची आहे, तिला कुठेही जायचं नाही. तिला रात्री दिवा लागतो, नेब्युलायझर लागतो, पंखा लागतो. तिला ६७० किलोमीटरची भीती घालून तुम्ही तिचा पंखा बंद करणार का? ती सही करेल, डोळे उघडे ठेवून करेल, आणि मी तिला मूर्ख म्हणणार नाही.

गल्ली_क्रमांक_३ | सकाळी ९:४०

हा मुद्दा खरा आहे. यावर माझ्याकडे लगेच उत्तर नाही.

रामबागची_लेक | दुपारी १:३०

शंकाजी, तुमचा प्रतिसाद वाचून मी सकाळी लिहिलेली दोन पानं फाडली, कारण त्यात आज्जीला फसवलेलं होतं आणि ती बिचारी होती. आता ती बिचारी नाहीये. तिने करार वाचलाय, बारीक अक्षरासकट, भिंग घेऊन. तिने मुलाला न विचारता सही केलीये कारण मुलगा दर महिन्याला फोनवर एवढंच विचारतो की लाइट आहे ना ग. चाळीस मिनिटं काढून टाकली. घड्याळ बरोबर चालतं, टोले पण बरोबर पडतात.

कथा आता अशी, की यंत्र बसवून पंचवीस वर्षं झालीयेत, आज्जी ऐंशीच्या पुढे. नातू दिवाळीला चार दिवस येतो. सर, पंचवीस वर्षांना किती?

ऋजुकोण | दुपारी १:४५

निम्मं. किलोमागे ०.९ युनिट. नातू सत्तर किलोचा असेल तर चौसष्ट युनिट एका बाजूचे.

रामबागची_लेक | दुपारी १:५५

येताना सत्तर. जाताना फराळाचे डबे, तीन किलो तरी.

ऋजुकोण | दुपारी १:५७

मग पावणेतीन युनिट वाढवा.

मावशी_तिलकनगर | दुपारी २:१०

अनारसे दिले तर हलके. लाडू जड. पण आज्जी लाडूच देणार.

रामबागची_लेक | दुपारी २:३०

आता अडलंय ते शेवटावर. दिंडीत मीटर लाल झालाय, नातवाचं खातं रिकामं, आज्जीचं पेन्शन पुढच्या आठवड्यात. मी लिहिलं होतं की आज्जी म्हणते, 'लाव माझ्या नावावर.' पण ते सिनेमासारखं वाटतंय, मलाच पटेना.

निवृत्त_मीटररीडर | सायंकाळी ५:२०

पटणारच नाही कारण नावावर लावता येत नाही, कंपनी उधारी देत नसते, मी कधी दिली नाही.

पण एक पळवाट आहे. माझ्या मामांच्या शेतात मोट होती, बैल धावेवरून उतरला की मोट वर यायची. आणि लिफ्टला मागे वजन लावतात ना, तसंच. मीटर दिंडीवर आहे आणि तो येणंजाणं वेगवेगळं मोजतो. पण एकाच क्षणाला, एकाच दिंडीतून, नातू बाहेर आणि तेवढ्याच वजनाचं दुसरं काही आत आलं, तर उतरणाऱ्याने चढणाऱ्याला उचललं, पेटीला काही करावंच लागलं नाही, मीटर फिरायचं कारण नाही. सरांना विचारा बरोबर आहे का.

ऋजुकोण | सायंकाळी ५:४१

बरोबर आहे. शंभर टक्के बरोबर आहे. काका तुम्ही आमच्या कॉलेजात का नव्हता.

गल्ली_क्रमांक_३ | सायंकाळी ५:५०

म्हणजे नातू बाहेर पडायला गल्लीतलं कुणीतरी त्र्याहत्तर किलोचं आत यायला हवं.

श्रीमंत_शंका | सायंकाळी ५:५२

मी ८८ आहे, चालणार नाही. गल्लीवाले, तुम्ही किती?

गल्ली_क्रमांक_३ | सायंकाळी ५:५४

५९. हातात पंधरा किलोची पाण्याची बादली घेतो.

सदाशिवपेठी_पाहुणा | सायंकाळी ६:०१

५९ + १५ = ७४. एक किलो जास्त होतं. बादली थोडी रिकामी करा.

भिया_पोहेवाला | सायंकाळी ६:१०

हटा सगळे, मी जातो, ७२ चा आहे आणि हातात एक किलो पोहे, बरोब्बर ७३. नातू गेला बंगळुरूला, मी आत, आज्जीला गरम पोहे. पण ताई एक सांगा, मग मला बाहेर कोण काढणार?

मावशी_तिलकनगर | सायंकाळी ६:१४

कशाला बाहेर पडतोस, रहा की तिथेच, तिला सोबत होईल.

भिया_पोहेवाला | सायंकाळी ६:१५

मावशी सकाळी सहाला दुकान उघडायचं असतं!